सुरकुत्या जशाच्या तशा ठेवणारा स्टुडिओ

सेटवर भेटणाऱ्या तीन-चार जणींनी गेल्या महिन्याभरात मला एकच प्रश्न विचारला, "ताई, फोटो कुठे काढलेत?" प्रत्येकीला फोनवर तेच तेच सांगण्यापेक्षा इथे एकदा नीट लिहून ठेवते. ठाण्यात नौपाड्याच्या गोखले रोडवरून आत गल्लीत वळलं की पहिल्या मजल्यावर हा स्टुडिओ आहे. माझ्यासारख्या कॅरेक्टर रोल करणाऱ्यांनी, त्यातही पन्नाशी उलटलेल्यांनी, पोर्टफोलिओसाठी इथेच जावं असं माझं स्पष्ट मत आहे. का, ते जरा सविस्तर सांगते.

मी ६२ वर्षांची आहे. राहायला कोपरीत. ३४ वर्षं पोस्टाच्या काउंटरवर काढली. नोकरीत असताना खात्याच्या नाट्यस्पर्धा आणि दोनदा राज्य नाट्य स्पर्धा, एवढाच माझा अभिनय होता. निवृत्त झाल्यावर मालिकांत आणि चित्रपटांत लहान लहान कामं करायला लागले. नायिकेची मावशी, शेजारीण, लग्नात नाक मुरडणारी आत्या, अशी. मोठ्या भूमिकेची मला आस नाही. पण जे काम मिळेल त्यात ती बाई खरी दिसली पाहिजे, याची मात्र फार आहे.

आमच्या या कामात फोटो म्हणजे काय असतो, हे बाहेरच्यांना कळत नाही. नायक-नायिकेला लोक नावाने ओळखतात. आमची निवड कास्टिंगच्या मुलांच्या मोबाइलवर होते. कोऑर्डिनेटर, म्हणजे कमिशनवर कलाकार पुरवणारा माणूस, एकाच वेळी वीस-पंचवीस बायकांचे फोटो पाठवतो आणि ती मुलं अंगठ्याने पुढे पुढे सरकवत जातात. एका चेहऱ्याला दोन सेकंदसुद्धा मिळत नाहीत. तेवढ्यात 'ही बाई या घरातली वाटते' असं त्यांना वाटायला हवं.

वर्षभरापूर्वी मी दुसऱ्या एका स्टुडिओत फोटो काढले होते. मला न विचारता त्यांनी सगळा चेहरा गुळगुळीत करून टाकला. डोळ्यांखालची काळी वर्तुळं गेली, गळ्याच्या वळ्या गेल्या, हनुवटीवरचा लहानपणीचा व्रण गेला. घरच्यांना फोटो आवडले, मलाही क्षणभर बरं वाटलं. त्या फोटोंवर घोडबंदर रोडच्या एका बंगल्यात लूक टेस्टला, म्हणजे भूमिकेच्या मेकअपमध्ये कशी दिसते ते बघायला, बोलावणं आलं. पंचेचाळिशीची जाऊ हवी होती. मी मेकअपच्या खुर्चीत बसले. मेकअपदादांनी माझ्याकडे बघितलं, मग मोबाइलकडे बघितलं आणि असिस्टंट मुलीला हाक मारली. ती मुलगी चांगली होती, हळू आवाजात म्हणाली, "काकू, फोटो जुना आहे का?" फोटो तीन आठवड्यांपूर्वीचा होता. चहा पाजून त्यांनी मला परत पाठवलं. रिक्षाचे पैसे आणि दिवस गेल्याचं दुःख नव्हतं. लागलं ते असं, की माझ्या खऱ्या चेहऱ्याचं काम कुठेतरी असेलच, पण तो चेहरा कोणापर्यंत पोहोचलाच नव्हता.

तर आता या स्टुडिओबद्दल.

जिना अरुंद आणि चढा आहे, लिफ्ट नाही. गुडघे दुखत असतील तर सावकाश चढा. वर गेल्यावर बाहेरच्या खोलीत बाकडं आहे आणि समोरच्या भिंतीवर कृष्णधवल फोटोंच्या चौकटी. हा स्टुडिओ आताच्या फोटोग्राफर मुलाच्या वडिलांनी सुरू केला, तेव्हा पासपोर्ट फोटो आणि लग्नं हाच धंदा होता. वडिलांना चित्रपटांचं वेड. जुन्या मासिकांतून फोटो कापून त्यांनी ही भिंत सजवली, पण तिच्यावर एकही हिरो नाही. सगळे आईबाप, चाचा, इन्स्पेक्टर, सावकार, कजाग सासवा. माझी वेळ अकराची होती, मी साडेदहालाच पोहोचले होते. तो अर्धा तास मी त्या भिंतीसमोर उभीच होते.

सगळ्यात वरती ललिता पवार. १९४२ साली एका चित्रीकरणात भगवानदादांची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला अर्धांगवायू झाला आणि डावा डोळा कायमचा बारीक झाला. तोवर त्या नायिका होत्या. काही वर्षांच्या उपचारांनंतर परत आल्या त्या चरित्र भूमिकांत, आणि पुढची चाळीस-पन्नास वर्षं त्याच डोळ्याने सगळ्या सुनांना धाक घातला. पण १९५९च्या 'अनाडी'त त्यांनी वरून तापट आणि आतून मायाळू अशी घरमालकीण मिसेस डिसा उभी केली आणि त्यासाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. डोळा तोच, आणि त्यातून माया दिसते. त्यांच्या शेजारी ए. के. हंगल. 'शोले'तले आंधळे रहीमचाचा म्हणून सगळे ओळखतात, पण हा माणूस आधी शिंपीकाम करत होता, नाटकं करत होता आणि चित्रपटात आला तो पन्नाशीच्या आसपास. १९६६च्या 'तीसरी कसम'पासून. त्यांचा फोटो बघताना मला खूप धीर आला. खालच्या रांगेत आपल्या ठाण्याचे रवी पटवर्धन. रिझर्व्ह बँकेत नोकरी करत करत त्यांनी नाटक-चित्रपटांची एवढी कामं केली आणि अगदी शेवटी मालिकेतले आजोबा म्हणून घराघरात पोहोचले. २०२० च्या डिसेंबरमध्ये ते गेले. बँकेची नोकरी सांभाळून हे सगळं कसं केलं असेल, हे आमच्यासारख्या नोकरदार माणसांनाच कळेल.

फोटोग्राफर मुलगा पस्तिशीतला आहे. त्याने कॅमेऱ्याला हातच लावला नाही. मला समोर बसवलं, वही घेतली आणि म्हणाला, "काकू, आजवरची सगळी कामं सांगा, एकेक." मी सांगत गेले, तो लिहीत गेला. १४ कामं निघाली. मग त्याने वही माझ्याकडे फिरवली. १४ पैकी ९ कामांत मी कुणाच्या तरी घरात येऊन वाईट बातमी सांगत होते! मला हे कधी जाणवलंच नव्हतं. तो म्हणाला, "तुमच्या आधीच्या फोटोंत तुम्ही सगळीकडे काठाची साडी नेसून हसताय. ते बघून लोक तुम्हाला मावशीच करणार." आणि त्याने भिंतीवरचे जगदीश राज दाखवले. त्यांनी १४४ चित्रपटांत पोलिसाची भूमिका केली, गिनीजच्या नोंदीत त्यांचं नाव आहे. एक वर्दी अंगाला चिकटली की आयुष्यभर उतरत नाही. त्या वर्दीने त्यांना सतत काम दिलं, हेही खरंच. पण शेजारीच इफ्तेखार होते. तेही कायम पोलीस अधिकारी, आणि तरी १९७५च्या 'दीवार'मध्ये त्यांना स्मगलर दावर करायला मिळाला. "कुणीतरी त्यांच्या चेहऱ्यात दुसरा माणूस बघितला," तो म्हणाला, "आपल्याला फोटोत तो दुसरा माणूस ठेवायचाय."

मग विचारलं, "काकू, नोकरीत काय करायचात?"

मी सांगितलं. त्याने एक लाकडी पेटी उभी केली, वर काळं कापड टाकलं आणि म्हणाला, "हा काउंटर. बसा." माझ्या पर्समध्ये नोटा मोजताना बोटावर चढवायचं रबरी टोपण अजून असतं, निवृत्त होताना टेबलाच्या खणातून घेतलं ते तसंच राहिलंय. ते मी उजव्या अंगठ्यावर चढवलं. चष्मा नाकावर खाली घेतला. त्याची बहीण, जी तिथे मेकअप बघते, ती पेटीपलीकडे उभी राहिली. तिने नुसताच हात पुढे केला, फॉर्म देतात तसा. माझ्या तोंडून आपसूक निघालं, "पेन्शनचं पुढच्या खिडकीवर." आणि हात तळवा वर करून पुढे गेला, पुढच्या माणसाचं पासबुक घ्यायला. मान वर केलीच नाही मी, फक्त डोळे केले. तेवढ्यात त्याने क्लिक केलं.

तो फोटो मी नंतर मोठा करून बघितला. अंगठ्यावरचं टोपण विटलेलं, गुलाबी. कपाळावर तीन आठ्या, मधली डावीकडे तुटलेली. चष्म्याच्या वरून बघणारे डोळे थकलेले आहेत, पण त्यांत तुसडेपणा नाही. साडेतीन वाजलेत, रांगेत अजून अकरा माणसं आहेत आणि मी सगळ्यांचं काम करून देणार आहे, असं त्या बाईकडे बघून वाटतं. ३४ वर्षं मी अशी दिसत होते आणि स्वतःला कधी बघितलंच नव्हतं. मला तिथे रडू आलं. त्या मुलीने काही न बोलता पाणी आणून दिलं.

प्रकाशाबद्दल त्याने जे सांगितलं ते लक्षात ठेवण्यासारखं आहे. घरी ऑडिशन करताना आपण सगळे गोल रिंग लाइट समोर लावतो. समोरून सपाट प्रकाश आला की चेहऱ्यावरचे खड्डे-उंचवटे भरून निघतात. तरुण मुलींना ते चालतं. आपल्या वयाच्या चेहऱ्याची मात्र सगळी कहाणी त्या सावल्यांत असते. हा मुलगा एकच मोठा सॉफ्टबॉक्स, म्हणजे पांढऱ्या कापडाआडून मऊ प्रकाश देणारा दिवा, बाजूला, डोळ्यांच्या जरा वर ठेवतो. दुसऱ्या बाजूला थर्मोकोलचा बोर्ड, एक अंग पांढरं, एक काळं. मायाळू आजीच्या लूकला पांढरं अंग माझ्याकडे, म्हणजे सावली सौम्य होते. सावकारीण काढताना काळं अंग, आणि त्याच गालावर एकदम करारीपणा येतो. चेहरा मी काहीच बदलला नव्हता. घरी खिडकीशेजारी बसून, दुसऱ्या बाजूला काळी शाल टांगून हे कुणालाही करून बघता येईल. मी माझ्या सेल्फ टेस्ट, म्हणजे घरून पाठवायच्या ऑडिशन, आता तशाच काढते.

एकूण पाच लूक काढले. काउंटरवरची बाई, सावकारीण, शेतावर राबणारी, शिकलेली शहरी आजी आणि साधा पांढरा कुर्ता घालून कोरा चेहरा. या शेवटच्याला मेकअप अजिबात नाही, फक्त तोंड धुवून पुसलं. प्रत्येक लूकचा क्लोज-अप, मिड आणि फुल लेंथ. दोन्ही बाजूंचे प्रोफाइल वेगळे. सोबत एक इन्ट्रो व्हिडिओ होता, नाव, उंची, राहण्याचं ठिकाण, हाताचे दोन्ही पंजे, येणाऱ्या भाषा. वयाचा मुद्दा आला तेव्हा मी ६२ म्हणून मोकळी झाले. त्याने थांबवलं. खरं वय सांगा, पण कोणत्या वयाची बाई दिसू शकता तेही सांगा, ५५ ते ७२.

हे वयाचं गणित आमच्या क्षेत्रात फार विचित्र असतं, विशेषतः बायकांचं. रीमा लागूंनी 'मैंने प्यार किया'त सलमानची आई केली तेव्हा त्या ३१ वर्षांच्या होत्या. १९९९च्या 'वास्तव'मध्ये त्या संजय दत्तची आई झाल्या आणि तो त्यांच्याहून जेमतेम एक वर्षाने लहान. 'अग्निपथ'मध्ये रोहिणी हट्टंगडी अमिताभची आई, वयाने त्याच्यापेक्षा लहान असून. 'गांधी'त तर त्यांनी कस्तुरबा तरुणपणापासून म्हातारपणापर्यंत उभ्या केल्या आणि सहाय्यक अभिनेत्रीचा बाफ्टा मिळवला. केवढं मोठं काम! पण ज्यांना खरोखर साठी गाठलीय त्यांच्या वाट्याला मग काय येतं, हा प्रश्न माझ्या मनात असतोच. म्हणून निदान फोटोत तरी आपण आपलं वय सोडू नये असं मला वाटतं.

आणखी एक गोष्ट त्याने स्वतःहून केली. मी बोलता बोलता मालवणीत घसरले, त्याच्या बहिणीशी बोलताना. माझं माहेर मालवणजवळचं. त्याने लगेच चाळीस सेकंदांची वेगळी क्लिप काढली, "खंय चललंस गो?" पासून सुरू करून मी बाजारातल्या मासळीवरून घासाघीस करते अशी. मालवणी येणाऱ्या माझ्या वयाच्या बाईला मागणी असते, पण फोटो बघून भाषा कळत नाही. हे मला एवढ्या दिवसांत सुचलं नव्हतं.

आता न आवडलेलं. कपडे बदलायची जागा म्हणजे पडद्याआडचा कोपरा आहे. एकच खुंटी, आरसा अर्धा. नऊवारी नेसताना माझी फार ओढाताण झाली, मदतीला ती मुलगी आली म्हणून निभावलं. फोटो आठ दिवसांत देतो म्हणाला होता, बाराव्या दिवशी मिळाले, आणि मधल्या काळात दोनदा मलाच फोन करावा लागला. मधे एका कामासाठी ताबडतोब फोटो हवे होते, ते मी पाठवू शकले नाही. काम गेलं. हे मी त्याला तोंडावरही सांगितलंय. त्याने माफी मागितली आणि पुढच्या वेळी दोन फोटो त्याच दिवशी देईन असं कबूल केलं. दुचाकीशिवाय दुसरं वाहन घेऊन जाऊ नका, लावायला जागा नाही. मी कोपरीहून स्टेशनचा पूल ओलांडून चालतच गेले, हातात कपड्यांच्या दोन पिशव्या होत्या.

पैसे ७,५०० घेतले, पाच लूक आणि व्हिडिओ धरून. एकच लूक काढायचा तर २,००० आहेत. माझ्यासारखीला ही रक्कम लहान नाही, कोऑर्डिनेटरचं कमिशन जाऊन माझी तीन दिवसांची कमाई झाली, आणि ती कमाईसुद्धा नव्वद दिवसांनी हातात येते. तरी मला ते पैसे वसूल वाटतात. मुख्य म्हणजे इथे कुणी काम मिळवून देण्याची भाषा करत नाही. मी विचारलं तेव्हा तो सरळ म्हणाला, "काकू, मी फोटो काढतो, काम देत नाही." नव्या बायकांनी हे नीट ऐका. भूमिका देतो म्हणून नोंदणीचे, कार्डचे किंवा फोटोचे पैसे मागणाऱ्यांना एक रुपयाही देऊ नका. फोटो कुठे काढायचे ते आपण ठरवायचं.

फोटो पेन ड्राइव्हवर मिळतात, दोन फोल्डरमध्ये. एकात मोठ्या फाइल, एकात व्हॉट्सॲपसाठी हलक्या. मोठ्या फाइल पाठवायच्या तर डॉक्युमेंट म्हणून जोडा, नाहीतर दाबल्या जाऊन चेहरा धूसर होतो. फाइलच्या नावातच माझं नाव, उंची आणि वयाचा पल्ला त्याने टाकून दिलाय. कास्टिंगच्या मुलांच्या फोनमध्ये हजारो फोटो साठतात, त्यांत नाव नसलेला फोटो हरवतो.

त्यानंतरच्या दोन महिन्यांत मला चार ऑडिशन आल्या. त्यातली एकही वाईट बातमी आणणाऱ्या मावशीची नव्हती. एक काम मिळालं, चित्रपटात, दोन दिवसांचं, तीन सीन. तहसील कचेरीतली अव्वल कारकून. नायकाचा बाप सातबाऱ्यासाठी पुन्हा पुन्हा येतो आणि ही बाई दोन वेळा त्याला "साहेब जेवायला गेलेत" एवढंच सांगते. तिसऱ्या वेळी काही न बोलता उतारा काढून त्याच्या हातात ठेवते. दिग्दर्शकाने पहिल्याच दिवशी विचारलं, "ते अंगठ्यावरचं आणलंय ना?" मी पर्समधून काढून दाखवलं. त्यांनी त्याचा वेगळा क्लोज घेतला, उतारा सरकवतानाचा.

स्टुडिओ सोमवारी बंद असतो. वेळ फोनवर ठरवून जा, सकाळची मागा, दुपारी वरच्या खोलीत उकडतं. स्वतःचे कपडे घेऊन जा, वापरलेले, नवे नकोत. इस्त्री फक्त शहरी लूकला करा. सेफ्टी पिना, आंबाडा, दोन प्रकारचे चष्मे आणि नोकरीतलं, स्वयंपाकघरातलं, शेतातलं असं जे काही हाताच्या सवयीचं असेल ते एक तरी सोबत ठेवा.

मी दिवाळीपासून केस रंगवणं बंद केलंय. मुळापासून चार बोटं पांढरे झालेत, खाली अजून काळे आहेत. फोटोग्राफरला तसा फोटो पाठवला होता. त्याने लगेच उत्तर दिलं, "कापू नका काकू, असेच या." येत्या रविवारची अकराची वेळ घेतली आहे.